वस्तूंना दिवस पटवणारी थोरली

एका गावात एक भांडण चाललं होतं. ज्येष्ठ सरत आला होता, आभाळ डोंगराच्या खांद्यावर टेकलं होतं, आणि ओढ्याच्या काठावर सारं गाव दोन जावांच्या तोंडाकडे बघत उभं होतं.

"म्हणजे तुम्हाला येतंय, पण तुम्ही करणार नाही," धाकटी म्हणाली.

"नाही करणार," थोरली म्हणाली.

"आणि माझी मैना?"

"मैना पलीकडे आहे, खाऊनपिऊन सुखी आहे. तिचं नाव घेऊन माझ्या अंगावर का येतेस?"

धाकटीने पदर कंबरेला खोचला. मैना ही तिची एकुलती एक लेक. ओढ्यापलीकडच्या वाडीत दिलेली, आणि आता पहिलटकरीण. पहिलं बाळंतपण माहेरी, ही दोन्हीकडची रीत. पण सासरचे लोक डोहाळजेवणाआधी लेकीला पाठवायला तयार नव्हते, आणि डोहाळजेवण यायचं ते भर श्रावणात, ओढा वेड्यासारखा धावत असताना. म्हणजे मैनेला आणायचं ते पावसाळा उतरल्यावर, आश्विनात, अगदी दिवस भरत आल्यावरच. पलीकडे सुईण नाही, ती अलीकडे. आणि अलीकडे यायला वाट एकच, ओढ्यावरचा साकव.

साकव म्हणजे काही दगडी पूल नव्हे. बेचक्याचे खांब, त्यांवर आडवे टाकलेले पोफळीचे सोट, धरायला बांबूचा कठडा, आणि हे सगळं जागच्या जागी धरून ठेवणारी काथ्याची दोरी. आजूबाजूच्या साऱ्या गावांत असले साकव दर पावसाळ्यात वाहून जात. या एकाच गावातला कैक वर्षांत गेला नव्हता, कारण पावसाळ्यात तो तिथे नसायचाच. थोरली त्याला पावसाळ्यावरून उचलून आश्विनात ठेवायची.

कसं? तर ती वस्तूला दिवस पटवायची.

नुसतं 'आश्विनात जा' म्हटल्याने लाकूड हलत नाही. लाकूड काही पंचांग बघत नाही. थोरली साकवाच्या खांबाला तळवा लावून बसायची आणि त्याला आश्विन सांगायची. बाबा, पाणी निवळलंय, गढूळपणा गेलाय, पण पोटात अजून जोर आहे. भाताच्या लोंब्या वाकल्यात, दुपारी त्यांचा गोडसर वास सुटतोय. सकाळी गवतावर कोळ्यांची जाळी दवाने भरलेली असतात. बेडूक गप्प झालेत, चतुर उडताहेत. असं सांगत जायची. त्यात एवढीशी खोट चालत नसे. एका वर्षी ती चतुरांच्या जागी काजवे म्हणून गेली, तर साकव जागचा हलला नाही. काजवे ज्येष्ठातलेच, तेव्हा त्याला वाटलं आपण पोहोचलेलोच आहोत. पण सांगणं सगळं बरोबर उतरलं की लाकडाला पटायचं, आणि पटलं की ते निघून जायचं. ओढ्यावर नुसती हवा उरायची. पावसाळा यायचा, थयथयाट करायचा, रिकाम्या हाताने परत जायचा. मग आश्विनातल्या एका सकाळी, तिने सांगितलं होतं तसंच पाणी, तसंच दव, तसाच वास जुळून आला की साकव आपल्या जागी उभा. कठड्यावर ज्येष्ठातली धूळसुद्धा तशीच कोरडी.

हे तिला कुणी शिकवलं नव्हतं. गुरू नाही, मंत्र नाही, अंगारा नाही. नवी नवरी होती तेव्हा तिचा नवरा शेतावरून उशिरा यायचा आणि गार भाकरी खायचा. तिला त्याचा राग यायचा, आणि राग आल्यावर गप्प बसणाऱ्यांतली ती नव्हती. भाकरी तव्यावरून उतरवताना ती तिला दुपार सांगू लागली. उंबऱ्यापाशी आलेलं ऊन, पाय धुतल्याचं पाणी, पाट सरकवल्याचा आवाज. कितीतरी दिवस भाकरी मुकाट्याने गार होत राहिली आणि घरचे तोंड फिरवून हसत राहिले. मग एका दुपारी नवरा पाटावर बसला, रिकाम्या ताटाकडे बघून काही बोलणार, तेवढ्यात ताटात भाकरी आली. टम्म फुगलेली, बोटाला चटका देणारी. त्या दिवसापासून घरात तिला कुणी हसलं नाही.

माणसाला असं पुढे पाठवता येतं का, असं तिला एकदा कुणी विचारलं होतं. ती म्हणाली, वस्तू गप्प ऐकून घेते, माणूस मध्येच बोलतो.

तर अशी ही थोरली. सारं गाव तिला मान देई. आणि आज तीच पाय रोवून नाही म्हणत होती.

गावचा प्रमुख होता त्याला गावकर म्हणत. तो पुढे आला, हात जोडून म्हणाला, "थोरल्या काकू, आमचं काही चुकलं असेल तर सांगा."

"सांगते. या साकवाची एक दोरी तुटली तर ती परत कोण बांधील?"

गावकराने सुताराकडे पाहिलं. सुताराने आभाळाकडे पाहिलं.

"मी किती वर्षं कानीकपाळी ओरडते आहे, की बाबांनो, दर वर्षी एक लहानसा साकव बाजूला बांधत जा, हात राहू द्या. तुम्ही हो म्हणता आणि घरी जाऊन जेवता. ज्यांनी हा बांधला ती माणसं गेली. यंदा मी याला पटवीन, पुढल्या वर्षी पटवीन, आणि एका ज्येष्ठात मीच नसेन. तेव्हा काय कराल?"

"तेव्हाचं तेव्हा बघू की," गावकर म्हणाला.

"तेव्हा नको. मी असताना बघू."

एवढं बोलून तिने लुगडं झटकलं आणि ती घरी निघाली. धाकटी मागून ओरडली, की लाकडाला पटवता येतं आणि माणसांना नाही, कसली मेली ही विद्या. थोरलीने वळून पाहिलं नाही.

पाऊस आला. आषाढातल्या एका दुपारी ओढ्याने साकव उचलला आणि काडीकाडी करून नेला. धाकटी काठावर उभी राहून ते बघत होती. प्रत्येक सोट वळणाआड जाताना तिला वाटत होतं, आपली मैनाच कुणीतरी एकेक पाऊल लांब नेते आहे.

त्यानंतर पावसाळाभर ती थोरलीशी बोलली नाही. घर एकच, अंगण एकच, चुली दोन. धाकटीला जे सांगायचं ते ती मांजराला सांगे. मांजरा, काही लोकांना दुसऱ्याची लेक म्हणजे कोण वाटते, बघ. मांजरा, काही लोकांच्या पोटात दया म्हणून नाही. थोरली पलीकडे तांदूळ निवडत ऐकून घेई. लावणीच्या दिवसांत धाकटी गुडघाभर चिखलातून कावून घरी आली की तिच्या थंड चुलीशेजारी गरम भाकरी येऊन पडे, सकाळी कुणीतरी दुपार सांगून ठेवलेली. धाकटी ती खाई, आणि मांजराला सांगे की मीठ कमी आहे.

बाकी वेळ ती शिंकी विणायची. दुधादह्याची मडकी टांगायला तिच्या हातची शिंकी गावात घरोघरी होती. त्या पावसाळ्यात तिने इतकी विणली की टांगायला आढी पुरेनात. मनातली काळजी कुठेतरी जायला हवी ना.

भाद्रपद गेला. आश्विन आला. पाणी निवळलं, लोंब्या वाकल्या, चतुर उडू लागले, आणि ओढ्यावर काही म्हणजे काही आलं नाही.

पुरुषमाणसांनी पोफळी तोडल्या, खांब रोवले, सोट चढवले. सुताराने आपल्या मते भक्कम गाठी मारल्या. तो स्वतः आधी चढला, कारण नाकाचा प्रश्न होता. मधोमध गेला आणि सोट पायाखाली गरकन फिरला. सुतार पाण्यात, आणि त्याचं पागोटं त्याच्याही पुढे. ओढून काढला त्याला. दुसऱ्या दिवशी गाठी बदलल्या. सोट फिरला नाही, नुसता सुटला आणि निघून गेला. रोज काहीतरी बांधायचं आणि रोज ओढ्याने ते न्यायचं, असं चाललं. थोरली जांभळीखाली बसून बघायची. विचारलं तर खांब कुठे रोवत आणि कोण कुठे उभं राही ते सांगायची, पण गाठ तिलाही येत नव्हती. ती आपल्या सासऱ्याच्या हाताखाली पाणी द्यायला उभी असे, दोरीला तिने हात लावला नव्हता.

मग ती दुपार आली. पलीकडच्या काठावर मैना येऊन उभी राहिली. बरोबर नवरा, सासू, आणि कपड्यांचं गाठोडं. तिचा एक हात कमरेवर होता. दिवस अगदी भरत आले होते, हे धाकटीला एवढ्या लांबून कळलं. आणि पूर्वेकडून परतीच्या पावसाचे ढग चढत होते. तो कोसळला की ओढा पुन्हा फुगणार, हे सगळ्यांना ठाऊक होतं.

अलीकडे सारे जण हातात काठ्या आणि सोट घेऊन उभे होते, आणि भांडत होते. गावकर सुताराला बोलत होता. सुतार आपल्या मेलेल्या बापाला बोलत होता, की म्हाताऱ्याने शिकवलं असतं तर. कुणी म्हणालं, हे सगळं त्या थोरलीमुळे. धाकटी तर सगळ्यांनाच बोलत होती, ज्येष्ठापासून साठलेलं सगळं एकदम.

आणि भांडण असं ऐन रंगात असताना जांभळीखालच्या सपाट कातळावर, जिथे क्षणापूर्वी काही नव्हतं, तिथे एक दोरी येऊन पडली.

नव्या काथ्याची, पिवळीधमक, ओली. एका पोफळीच्या तुकड्याभोवती बांधलेली, मुठीएवढ्या गाठीची, आणि ती गाठ सैल ठेवलेली. धाकटी पुढे गेली, वाकली. दोरीचं टोक कुणीतरी दातांत धरलं होतं, खुणा स्पष्ट होत्या, आणि त्या खुणांच्या मधोमध एका दाताएवढी जागा मोकळी होती. टोकाला तंबाखूचा वास येत होता.

"मामंजी," धाकटी म्हणाली आणि दोरीपाशी बसली.

तिचे सासरे जाऊन किती तरी वर्षं झाली होती. पुढचा एक दात पडलेला, दोरी दातांत धरून गाठ आवळणारे, साकव बांधणाऱ्यांतले शेवटचे.

थोरलीने मग सगळ्यांना सांगितलं. पहिल्या वर्षी तिने साकव पावसाळ्यावरून नेला तेव्हा गावाने तिला डोक्यावर घेतलं. मामंजींनीही चारचौघांत पाठ थोपटली, म्हणाले, अशी सून डोंगरापलीकडे कुणाला मिळाली नसेल. मग सगळे गेल्यावर त्यांनी ही गाठ मारली, कातळावर ठेवली, आणि तिला बाजूला सारून स्वतःच तिच्यापाशी बसले. त्यांना दिवस पटवता येत नव्हता, पण त्यांनी एक दिवस सांगितला. पोरं काठावर उभी असतील, म्हणाले, हातात काठ्या असतील, एकमेकांना दोष देत असतील, मेलेल्यांनाही सोडणार नाहीत, आणि एकाच्याही हाताला गाठ येत नसेल. दोरी तेवढ्यावरच निघून गेली. एका दमात पटलं तिला.

"तेव्हापासून मला ठाऊक आहे की हा दिवस येणार," थोरली म्हणाली. "माझ्या मागे आला असता तर ही दोरी काय आहे हे सांगायला कोण होतं? आणि तुमच्या शिव्या खायला कोण होतं? म्हणून मी असतानाच आणला."

सुताराचे डोळे दोरीवरून हलत नव्हते. त्याने ढगांकडे पाहिलं आणि झटकन म्हणाला, की मग थांबायचं कशाला? गाठ तर तयारच आली आहे. ती खांबावर चढवू, एक सोट टाकू, आवळू. दोघे जण धरून मैनेला एका सोटावरून आणतील. बाकीचं मागाहून. सगळ्यांना ते पटलं. गावकराने सोट उचललासुद्धा.

"ही घोरपडगाठ आहे," थोरली म्हणाली. "एकदा आवळलीत की सुटणार नाही. ओलीने आवळतच जाते, म्हणून तर ती परतीच्या पुरात टिकते, आषाढाच्या लोंढ्यापुढे मात्र काहीच टिकत नाही. सैल आहे तोवरच तिच्या पोटात बघता येईल. आवळा, एक सोट टिकेल. पुन्हा ती कशी मारायची ते मात्र कुणालाच कळणार नाही. आता मी काही बोलत नाही. लेक हिची आहे, हीच ठरवू दे."

सगळे धाकटीकडे वळले.

धाकटीने ओढ्यापलीकडे पाहिलं. मैना गाठोड्यावर बसली होती. ढग गडगडला. एक सोट, हाताला कठडा नाही, आणि पोटुशी पोर. येईलही धडपणे. मन सारखं म्हणत होतं, येईल, आण तिला, आत्ता आण. पण त्याच मनात दुसरंही काही उठत होतं. पुढल्या कुठल्यातरी आश्विनात असंच कुणीतरी गाठोड्यावर बसलेलं असेल, आणि कातळावर दोरी येणार नाही. ती कुणाची लेक असेल? कदाचित हीच, दुसऱ्या खेपेची. कदाचित हिच्या पोटातली.

तिने दोरी मांडीवर घेतली.

"इकडे या सगळे. जवळ या. आणि कुणी बोलायचं नाही."

गाठ तिने हळूहळू सोडवायला घेतली. एक वळसा उलगडायचा, थांबायचं, सगळ्यांना बघू द्यायचं. सुतार सारखा दोरी वरून घालत होता, आणि इथे ती खालून जात होती, स्वतःच्याच पोटाखालून. धाकटीचे हात थबकले. हा वळसा तिच्या ओळखीचा होता. शिंक्याच्या तळाशी, मडक्याचं बूड जिथे बसतं तिथे ती हाच वळसा घालायची, फक्त उताणा. इतकी वर्षं ती मामंजींच्या साकवाची गाठ उलटी मारून दही टांगत होती, आणि तिला त्याचा पत्ता नव्हता.

तिने सगळी गाठ सोडवली. आता तिच्या मांडीवर नुसती दोरी होती. मग तिने ती पुन्हा मारली. चुकली. सोडवली. पुन्हा मारली. थोरली म्हणाली होती बोलणार नाही, ती बोलली नाही, फक्त तिच्या ओठांची हालचाल चालू होती. तिसऱ्या खेपेला गाठ बसली, आणि पोफळीचा तुकडा धाकटीने हिसका देऊन पाहिला तो हलला नाही.

"हं, सुतारा, आता तू," ती म्हणाली.

सुताराने दुसरी दोरी घेतली आणि वरून घातली. धाकटीने त्याच्या हातावर चापट मारली. त्याने खालून घातली. मग गावकराने मारून पाहिली, मग पलीकडून मैनेचा नवरा ओरडून विचारू लागला की काय चाललंय, तर त्याला इथून दोरी उंच धरून दाखवली. थोरलीने खांबांच्या जागा बोटाने दाखवल्या, माणसं कुठे उभी करायची ते सांगितलं. सोट चढले. गाठी बसल्या. कठडासुद्धा बांधला, कारण धाकटी म्हणाली कठड्याशिवाय माझी पोर पाऊल टाकणार नाही, मग आभाळ कोसळलं तरी बेहत्तर.

पहिले टपोरे थेंब पडायला लागले तेव्हा मैना साकवाच्या मध्यावर होती. ती अलीकडे आली, आईच्या गळ्यात पडली, आणि मग पाऊस जो कोसळला तो विचारू नका. ओढा बघता बघता चढला, सोटांना भिडला. साकव कुरकुरला. साऱ्या गाठी एकदम आवळल्याचा आवाज झाला, दात आवळावेत तसा. आणि साकव उभा राहिला.

मैना सुखरूप बाळंत झाली. मुलगी झाली. बारशाला सारं गाव लोटलं, आणि पाळणा टांगला होता धाकटीने, घोरपडगाठ मारून. घुगऱ्या वाटून झाल्या, पोरीचं नाव ठेवून झालं, आणि धाकटीला वाटलं आता जाऊबाईंशी राहिलेलं भांडण पुरं करायला हरकत नाही.

ती म्हणाली, सगळं खरं, पण पावसाळाभर माझा जीव टांगणीला लावलात तो लावलातच. आणि आता तरी हट्ट सोडा. येत्या ज्येष्ठात हा नवा साकव नेहमीसारखा पुढे न्या, एवढी मोठी विद्या वाया का घालवायची? आणि पुढच्या पोरांचीच काळजी असेल, तर मामंजींनी केलं तसं करू. मी एक चांगली सैल गाठ मारून देते, तुम्ही ती पाठवून ठेवा. कधीतरी लागेल तेव्हा कातळावर येऊन पडेल. दर वर्षी हात चिखलात कशाला घालायचे?

गाव कान देऊन ऐकत होतं, कारण ते सगळ्यांच्याच मनात होतं. थोरलीने पाळण्याची दोरी बोटांनी चाचपली, गाठ पक्की आहे ना ते बघितलं, आणि मग ती बोलली. ते भांडण तिथे मिटलं, आणि या गोष्टीचं तात्पर्यही तेच:

"गाठ मी हवी तितकी पुढे पाठवीन गं, हात पाठवता येत नाहीत, ते इथेच घडवून मागे ठेवावे लागतात."